मापाचा माणूस

समुद्रापासून एक अख्खा घाट आत राहून दिवादांड्यांवर जीव टाकणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि माझं नशीब असं की त्याच्याच पदरी मी नऊ वर्षं नोकरी केली. भोरच्या बाजारपेठेत त्यांचा फोटो स्टुडिओ होता. ते मालक, मी रिटचर. रिटचर म्हणजे काचेच्या निगेटिव्हवर बारीक टोकाची पेन्सिल चालवून गिऱ्हाइकाच्या तोंडावरचे देवीचे व्रण, सुरकुत्या आणि जमलं तर वाईट स्वभावही घालवणारा माणूस. मालक मला नावानं हाक मारत नसत, "अहो पेन्सिल" म्हणत. मीही त्यांचं नाव इथे लिहिणार नाही, म्हणजे फिटंफाट झाली.

पश्चिम किनाऱ्यावरची प्रत्येक जुनी दिवादांडी, ती पाडली जाण्याआधी किंवा तिच्यातला तेलाचा दिवा काढून तिथे वीज येण्याआधी, काचेवर आणि फिल्मवर उतरवून ठेवायची, हे त्यांचं व्रत होतं. व्रत हा शब्द त्यांचा. माझ्या बायकोनं वेगळा शब्द ठेवला होता, तो इथे लिहिण्यासारखा नाही. दिवाळी, उन्हाळा, कुणाच्या लग्नाचा भर हंगाम, काही न बघता हा माणूस उठायचा आणि कोकणात उतरायचा. दुकान मी बघायचो.

स्टुडिओत गिऱ्हाइकाच्या पाठीमागे सोडायला रंगवलेला पडदा असतो. कुठे बाग असते, कुठे ताजमहाल, कुठे नुसताच जिना. आमच्याकडे दिवादांडी होती. पुण्याच्या एका पेंटरला तीनदा परत पाठवून मालकांनी ती काढून घेतली होती. लाटा चुकल्या तरी चालतील, पण वरच्या काचेच्या खोलीला आठच बाजू आहेत हे कळलं पाहिजे, असा आग्रह. त्यामुळे भोर आणि वेल्हे तालुक्यांत त्या काळात लागलेल्या निम्म्या लग्नांच्या फोटोंत नवरा-नवरीच्या मधोमध एक पांढरा खांब उभा आहे. ज्यांनी समुद्र सोडाच, नीरा नदीच्या पलीकडचं गावही धड पाहिलं नव्हतं, त्यांच्या डोक्यावरून लाटा जात आहेत. भाटघरच्या एका म्हाताऱ्यानं तो खांब धरणाचाच एखादा भाग असणार असं ठरवलं आणि धरणाच्या कामावर राबलेल्या आपल्या बापाच्या आठवणीनं पडद्याला हात जोडले. एका सासूनं, खांब बरोब्बर नवरीच्या डोक्यावर येतो, हे लक्षण बरं नाही, म्हणून नवरीला जरा डावीकडे सरकवायला सांगितलं. मालकांनी नवरीला सरकवलं नाही, सासूलाच बाहेर बसवलं. पुढेपुढे तर खांबाशिवायचा फोटो म्हणजे लग्न घाईत उरकलेलं, अशी खेड्यांतून समजूत झाली. नसरापूरला नवा स्टुडिओ निघाला तेव्हा त्या बिचाऱ्यालाही पडद्यावर खांब काढून घ्यावा लागला. त्याच्या खोलीला सहाच बाजू होत्या, आणि त्याचं नाव निघालं की मालक खाली रस्त्यावर जाऊन थुंकून येत.

दुकानाच्या भिंतीवर, जिथे दुसऱ्या कुणी देवाची तसबीर लावली असती तिथे, कोकणातल्या बंदरांचं भरती-ओहोटीचं वेळापत्रक टांगलेलं होतं. दुपारी समोरच्या हॉटेलातून चहा आला की मालक घड्याळ बघत आणि गंभीरपणे सांगत, श्रीवर्धनला आता ओहोटी लागली असेल. भोरमध्ये या बातमीचा उपयोग कुणाला होता ते मला नऊ वर्षांत कळलं नाही. डोक्यावर कानांपर्यंत येणारी मेणकापडाची टोपी घालत, ऐन वैशाखातसुद्धा. टोपीखाली घामाच्या धारा लागत आणि ते त्या तशाच लागू देत.

फोटो काढताना आम्ही बाकीचे लोक एक-दोन-तीन म्हणतो. मालक दिवादांड्यांच्या हिशेबानं मोजत. प्रत्येक दांडीचा दिवा ठरावीक वेळानं उघडमीट होतो आणि ती मोजून खलाशी दांडी ओळखतो, हे त्यांनी मला आणि झाडून सगळ्या गिऱ्हाइकांना सांगितलेलं होतं. आभाळ असेल तर अमक्या दांडीचं एक मिटणं, लख्ख ऊन असेल तर तमक्या दांडीची अर्धी उघड. समोर बाकावर श्वास रोखून बसलेला शेतकरी ही माहिती ऐकताऐकता लाल व्हायचा. मांडीवर लेकरू असेल तर ते हलायचंच. मग मालक काळ्या कापडातून डोकं बाहेर काढून त्या लेकराकडे असे बघत की बाई घाबरून त्याला पदराखाली घ्यायची.

माणसांविषयी त्यांची पहिली तक्रार हीच होती, की माणसं हलतात. दुसरं त्यांचं आवडतं वाक्य असं: "माणसांचं काय, ती पुन्हा होतात. बत्ती एकदा गेली की गेली." हे ते गिऱ्हाइकांच्या तोंडावर म्हणत. त्याच गिऱ्हाइकांच्या जिवावर यांच्या कोकणच्या वाऱ्या चालत, पण तेवढी लाज त्यांना नव्हती.

त्यांच्या दिवादांडीच्या प्रत्येक फोटोत पायथ्याशी एक माणूस उभा असायचा. माणूस नसेल तर बुरुजाची उंची कळत नाही, असं त्यांचं म्हणणं. ते बरोबरही होतं. त्यांची म्हणणी बरोबरच असत, तोच तर वैताग होता. या माणसाला ते मापाचा माणूस म्हणत. त्याची उंची आधीच मोजून ठेवलेली असायची आणि दुकानाच्या चौकटीवर शाईची खूण केलेली असायची. त्यानं कॅमेऱ्याकडे पाठ करून, भिंतीकडे तोंड करून उभं राहायचं, वर्गात शिक्षा झाल्यासारखं. कारण चेहरा दिसला की बघणारा चेहराच बघत बसतो, बुरूज बघत नाही. पहिल्या खेपेला मापाचा माणूस म्हणून मलाच नेलं होतं. मी भिंतीकडे तोंड करून उभा राहिलो, मागून लाट आली आणि माझी एकुलती एक टेरिलिनची पँट कामातून गेली. मालक काळ्या कापडाखालून म्हणाले, "हलू नका." मी पुन्हा गेलो नाही.

मग त्यांना कोंडू सापडला. तोरण्याच्या पायथ्याशी वेल्ह्याच्या पुढे एक वाडी आहे, तिथला हा गडी. आईला एकुलता एक, थोडी भातखाचरं, बाकी मिळेल ते काम. त्या बाजूच्या माणसांना कोकण परकं नव्हतं, मढे घाटानं पायी उतरणं त्यांच्या अंगवळणी पडलेलं. मालकांची अडचण अशी होती की वरंध घाटात एसटी इतके हादरे देते की काचा फुटतात. त्यांनी तोड काढली. स्वतः एसटीनं वरंध घाट उतरायचा, आणि काचांची पेटी कोंडूच्या डोक्यावर देऊन त्याला मढे घाटानं पायी पाठवायचं. दोघं महाडच्या स्टँडवर भेटायचे. मालक आदल्या दिवशी पोहोचून भजी खात बसलेले असत. काचांपेक्षा कोंडूची मान स्वस्त, असा हा सरळ हिशेब होता, आणि तो मी त्यांच्या तोंडावर बोलून दाखवला तेव्हा ते म्हणाले की चार वर्षांत एक काच फुटलेली नाही.

कोंडू पाच फूट चार इंच होता. दगडासारखा निश्चल उभा राहायचा. या एका गुणासाठी मालकांनी त्याला जेवढं मानलं तेवढं बायको-मुलांनाही मानलं नसेल. पण त्याच्याशी बोलणं झालं तर ते उभं राहण्याबद्दलच. कोंडू मात्र दुकानात आला की माझ्या खुर्चीशी उकिडवा बसून सगळी मोहीम तिखटमीठ लावून सांगायचा. मालक भरतीची वेळ चुकले आणि खडकावर चार तास अडकून पडले, वर कोंडूलाच समुद्राचं कसं असतं ते समजावत बसले, असलं काहीबाही. सांगताना त्याचे दात दिसायचे. मालकांच्या एवढ्या फोटोंत तो आहे, पण एक सोडला तर त्याचे दात त्यांच्या कुठल्याच फोटोत आले नाहीत.

लढाईच्या दिवसांतली गोष्ट त्यानंच सांगितलेली. किनारपट्टीवर सगळीकडे जाग होती, अनोळखी माणूस दिसला की चौकशी व्हायची. अशा दिवसांत मालक एका बुटक्या, जुन्या, तेलाच्या दिव्याच्या दांडीसमोर कॅमेऱ्याचं तिकाटणं रोवून उभे राहिले. ही दांडी लवकरच बंद होणार होती, म्हणून लढाई संपेपर्यंत थांबायला ते तयार नव्हते. कोंडू भिंतीकडे तोंड करून उभा. मालकांनी उजेड मोजला, दांडीची उघडमीट तोंडानं मोजली आणि बटण दाबणार तेवढ्यात मागून शिपाई ओरडला. कोंडूनं मान वळवून पाहिलं. त्याच क्षणी मालकांकडून बटण दाबलं गेलं.

दोघांनाही चौकीवर नेलं. मालकांकडे परवानगीचा कागद होता, पण दोन वर्षांपूर्वीचा. फौजदारांनी विचारलं, घाटावरचा माणूस बत्तीचे फोटो कशाला काढतो. मालकांनी उत्तर दिलं असतं तर प्रकरण संपलं असतं. त्यांनी भाषण केलं. कुठल्या दांडीत कुठल्या देशाचं भिंग आहे, ते किती मैलांवरून दिसतं, कुठली किती सेकंदांनी मिटते, सगळं तोंडपाठ. प्रत्येक वाक्यागणिक फौजदारांचा चेहरा काळा पडत गेला. शेवटी कोंडू कोपऱ्यातून बोलला.

"सायेब, ह्ये हेर न्हाईत. हेराला इतकं येड परवडत न्हाई."

फौजदार हसले, शिपाई हसला, चहा आला. मालक मात्र पुढे वर्षभर एकच रडगाणं गात राहिले, की त्या गाढवानं मान फिरवली. काच डेव्हलप केली तर बुरूज इतका सुरेख आला होता की दगड मोजता यावेत, आणि पायथ्याशी ज्वारीच्या दाण्याएवढा कोंडूचा चेहरा. पुन्हा जाऊन काढायची सोय नव्हती, दांडी बंद झाली होती. मालकांनी काच माझ्यापुढे ठेवली आणि तो चेहरा चाकूच्या टोकानं खरवडून टाकायला सांगितलं, म्हणजे छापताना तिथे काळं येईल आणि पाठमोरं डोकं वाटेल.

मी आज करतो, उद्या करतो म्हणत ती काच माझ्या खणात ठेवून दिली. चेहरा पुसण्याचं काम माझ्या हाताला मानवलं नाही, असं मी आता लिहू शकतो आणि ते छानही दिसेल. खरं सांगायचं तर आळस होता, आणि मालकांना डिवचण्याची हौस. वर्षभर त्यांनी विचारलं, मग दुसऱ्या कुठल्याशा दांडीच्या मागे लागून ते विसरले.

याच सुमाराला त्यांनी चावी देऊन चालवायचा सिनेमाचा कॅमेरा कुठूनसा पैदा केला. फिल्म मुंबईला धुवायला जायची आणि महिन्यांनी परत यायची. शाळेच्या पटांगणात चादर बांधून त्यांनी आपला पहिला चित्रपट दाखवला. फुकट सिनेमा म्हणून पंचक्रोशी लोटली. चादरीवर दिवादांडी आली. ती तशीच राहिली. बऱ्याच वेळानं एक पक्षी उडत गेला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग दांडीचा राखणदार दिव्याचं यंत्र फिरवायला चावी देताना दिसला, तीही इतकी सावकाश की बायकांनी पोरं निजवली. वरवे बुद्रुकचा एक शेतकरी माझ्या शेजारी बसला होता. त्यानं अदबीनं विचारलं, "ह्यो हालंना, मंग त्येचा शिणिमा कशापायी?" मी त्याला मालकांकडे बोट दाखवलं. मालकांनी त्याला समजावून सांगितलं आणि त्या नादात त्याची शेवटची एसटी गेली.

कोंडू मुंबईला गेला त्या दिवशी मालक नेहमीप्रमाणे दुकानात नव्हते. गोदीत हमालीचं काम मिळालं होतं. त्याची आई त्याला घेऊन आली, पोराचा एक फोटो घरात असावा म्हणून. वाळलेली, ठेंगणी बाई, बोलणं मोजकं. मी कॅमेरा लावला. कोंडू पडद्यापुढे गेला आणि सवयीनं पडद्याकडे तोंड करून उभा राहिला. ताठ, निश्चल. मला हसू आवरेना. आई म्हणाली, "आरं, हिकडं बग की." मग तो वळला. हाफ साइझची महागडी काच मी त्याच्यावर खर्च केली याबद्दल मालकांनी आल्यावर मला बोल लावला. मापाच्या माणसाचा फोटो कशाला, त्याचं माप आपल्याकडे चौकटीवर आहेच की, असं म्हणाले.

पुढे त्यांच्या डोक्यात प्रदर्शन शिरलं. निवडक चाळीस दांड्या फ्रेममध्ये लावून मोठ्या लोकांना दाखवायच्या, म्हणजे त्या वाचवायला हव्यात हे सरकारला पटेल. फ्रेमला काचा लागणार. पुण्याहून आणल्या तर कात्रजच्या घाटात फुटणार. मालकांनी माळ्यावरच्या कपाटाकडे बोट केलं. त्या कपाटात वीस वर्षांच्या काचेच्या निगेटिव्ह होत्या. प्रत्येकीवर नंबर, वहीत नंबरापुढे नाव आणि गाव. दोन्ही तालुक्यांची माणसं तिथे ओळीनं उभी होती. लग्नातली, सैन्यात निघालेली, बारशातली, काही तर मेल्यावर खुर्चीत बसवून काढलेली.

"धुवा," मालक म्हणाले. "ज्यांना फोटो हवे होते त्यांनी ते नेलेले आहेत."

मी हुज्जत घातली. घातली म्हणजे एकदा नाही म्हणालो आणि मग बाह्या सारल्या. मागच्या अंगणात चूल मांडली, गरम पाण्यात धुण्याचा सोडा टाकला आणि काचा बुडवल्या. थोड्या वेळानं काचेवरचा थर सुटतो आणि सायीसारखा पाण्यावर येतो. त्या सायीत डोळे असतात, फेटे असतात, नथी असतात. त्या मी काठीनं बाजूला करून मोरीत सोडत होतो. तीन दिवस हे काम चाललं. काम मी चोख केलं, एकीवरही डाग ठेवला नाही. चाळीस काचा दिवादांड्यांना लागल्या, बाकीच्या फ्रेमवाल्याला देऊन मालकांनी सिनेमाची फिल्म आणली. जपून ठेवणं या गोष्टीवर त्यांचं भाषण त्याच आठवड्यात वाचनालयात झालं.

प्रदर्शनाला जे मोठे साहेब यायचे होते ते आले. दहा मिनिटांत चाळीस दांड्या पाहिल्या, एका दांडीपाशी थांबून ही कुठली टाकी, असं विचारलं, चहा घेतला आणि गेले. मला आसुरी आनंद झाला होता, ते कबूल करतो.

दोनेक वर्षांनी, पावसाळा सरल्यावर, कोंडूची आई आली. वेल्ह्याहून नसरापूर, नसरापूरहून भोर, दोन एसटी बदलून. एकटीच होती. पिशवीतून तिनं फोटोचा एक पुठ्ठा काढला. पुठ्ठ्याच्या पुढच्या बाजूला वाळवीनं मातीच्या रेघा तेवढ्या ठेवल्या होत्या. मागच्या बाजूला माझ्या अक्षरातला नंबर शाबूत होता. कोंडू वैशाखात गेला, असं तिनं सांगितलं. गोदीत गठ्ठा अंगावर आला. तिला कळवेपर्यंत तिकडेच सगळं उरकलं होतं. तिनं तोंड पाहिलं नव्हतं.

"ह्या नंबराचा दुसरा काडून द्या," ती म्हणाली. "कोंडू म्हनायचा, मालक कायबी टाकत न्हाईत. काच असंल म्हना."

मी काय बोललो असेन? काच आहे, शोधायला वेळ लागेल, पंधरा दिवसांनी या, असं बोललो. तिनं मान हलवली आणि शेवटची एसटी गाठायला हवी म्हणून लगेच उठली. जाताना चौकटीवरच्या शाईच्या खुणेपाशी थांबली. ती खूण कशाची ते तिला कुणी सांगितलं नव्हतं, तिनं नुसता चौकटीला हात टेकून चपला घातल्या.

ती गेल्यावर मी प्रदर्शनानंतर दुकानाच्या भिंतींवर टांगलेल्या दिवादांड्या उतरवायला लागलो. मागचे खिळे काढायचे, काच बाहेर घ्यायची, उजेडात तिरपी धरायची. थर नीट निघाला नसेल तर काचेवर छाया राहते, हे मला ठाऊक होतं. एक काच, दुसरी काच, दहावी काच. सगळ्या स्वच्छ होत्या. मी इतका मन लावून आयुष्यात दुसरं कुठलंच काम केलं नसेल.

मालक आले तेव्हा जमिनीवर फ्रेमांचा ढीग होता. त्यांनी विचारलं, हे काय. मी सांगितलं. कोंडू मेला, त्याच्या आईला त्याचा फोटो हवा आहे, आणि तो आपण धुतला. शिवाय बरंच काही बोललो, नऊ वर्षांचं साठलेलं. माणसं पुन्हा होतात ना, मग तिला दुसरा कोंडू नेऊन द्या, असंही बोललो. मालक टोपी न काढता गिऱ्हाइकाच्या बाकावर बसले. पाठीमागे पडदा सोडलेलाच होता. मला वाटलं आता काहीतरी दिवादांड्यांबद्दल बोलतील. त्यांनी चौकटीवरच्या शाईच्या खुणेकडे पाहिलं, आणि मला एकदम माझा खण आठवला.

मी ती काच आणून त्यांच्या हातात दिली. चेहरा काढायला सांगितला होता, तो काढलेला नाही, असं म्हणालो. त्यांनी भिंग लावून पाहिलं.

"कामचुकार आहात," ते म्हणाले आणि काच घेऊन डार्करूममध्ये गेले.

दोन दिवस ते तिथेच होते. एन्लार्जर छतापर्यंत नेला, कागदामागून कागद वाया घालवले. ज्या माणसानं बुरुजाचा एक दगड कापला जाऊ नये म्हणून मापाच्या माणसाला उन्हात दोन तास उभं केलं होतं, त्यानं बुरूज कापला. वरची काचेची खोली गेली, सज्जा गेला, खिडक्या गेल्या. शेवटी उरला तो छातीपर्यंतचा कोंडू, डोकं वळवून मागे बघणारा, तोंड किंचित उघडं, दात दिसताहेत. चेहरा रवाळ झाला होता, डोळे म्हणजे दोन डाग. मी पेन्सिल घेतली. पापण्या, नाक, ओठाची कड, अर्ध्या तासाचं काम होतं. मला माझ्या हाताची खात्री होती.

मालकांनी माझं मनगट धरलं. "पेन्सिल ठेवा. तुम्ही काढलेला कोंडू तिला नको आहे."

तेही बरोबरच होतं. मी वैतागलो आणि पेन्सिल ठेवली.

पंधरा दिवस थांबलो नाही, फोटो झाल्याच्या दुसऱ्याच दिवशी दोघं वेल्ह्याला गेलो. मालकांनी एसटीत फ्रेम मांडीवर धरली होती, हादरा बसला की दोन्ही हातांनी वर उचलायचे. तिथून वाडीपर्यंत चालत. त्या वयात, त्या टोपीत, तो चढ चढताना त्यांची काय अवस्था झाली ते मी मन भरून पाहिलं. परतीच्या वाटेवर त्यांनी मला हेही ऐकवलं की ती काच मी खणात कशीही टाकल्यामुळे कोपऱ्यात चरा पडला आहे आणि हरिहरेश्वरला आता भरती असेल. माणूस सुधारला असं कुणी समजू नये. पुढे मरेपर्यंत ते तसेच होते.

पण त्या घरात ते वेगळे वागले, आणि ते लिहिल्याशिवाय हे चित्र पुरं होणार नाही. भिंतीवर बुद्धाची तसबीर होती आणि शेजारी रिकामा खिळा. आईनं आम्हाला घोंगडीवर बसवलं, पाणी दिलं. मालकांनी पेल्याला हात लावण्याआधी तिला सांगितलं की तिची काच राहिलेली नाही, ती धुतली गेली. "मी धुतली," म्हणाले. मी जमिनीकडे बघत राहिलो. धुणारे हात माझे होते, आणि त्या वेळी तोंड उघडणं मला जमलं नाही. आजही त्याची लाज वाटते.

मग त्यांनी फ्रेम तिच्या हातात दिली. तिनं ती दारापाशी उजेडात नेली. आम्हाला तिची पाठ दिसत होती. बराच वेळ ती तशीच उभी होती, अगदी निश्चल, आणि तेव्हा मला कळलं की कोंडूला ते कुठून आलं होतं.

"असाच बगायचा," ती म्हणाली. "म्या हाक मारली की."

मालकांनी शिपायाचं नाव काढलं नाही. ती परत आली, फ्रेम खिळ्याला लावली, पदरानं काच पुसली आणि कोंडूच्या खांद्यामागच्या पांढऱ्या दगडांवर बोट ठेवलं.

"मालक, ह्ये मागं पांडरं काय हाय वो?"

मी डोळे मिटून घेतले. आता भिंग येणार, तेल येणार, किती मैलांवरून दिसतं ते येणार, शेवटची एसटी जाणार. मालकांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली होती.

"काही नाही बाई," ते म्हणाले. "भिंत आहे."